हजार गेम आहेत, पण खेळायचा कोणता?

साठ जीबीचा एक गेम आणि रोजचा दीड जीबी डेटा. भागाकार करून बघा, चाळीस दिवस येतात. म्हणजे हँडहेल्डवर ‘जागा शिल्लक नाही’ असा मेसेज आला की आपण वैतागून जो गेम पटकन उडवून टाकतो ना, तो मोबाइलच्या हॉटस्पॉटवरून परत आणायचा तर सव्वा महिना लागतो. तोही त्या काळात एकही रील न बघता! घरी २० एमबीपीएसची लाइन असली तरी साडेसहा तासांच्या वर जातात. आणि हॉस्टेलचं वायफाय काय एकट्यासाठी नसतं, हे तुम्हाला सांगायला नको.

म्हणून आजचा विषय जरा घरकामासारखा वाटला तरी वाचा. कोणता गेम भारी, कोणता फ्लॉप, हे सगळे सांगतात. घेतलेले गेम ठेवायचे कसे, हे कुणी सांगत नाही. आणि गंमत म्हणजे पैसे, डेटा आणि वेळ या तिन्ही गोष्टी वाया जातात त्या इथेच.

कुणाकडे स्टीम डेक असेल, कुणाकडे आरओजी अ‍ॅलाय, कुणाकडे बाहेरून आणलेला निन्टेन्डो स्विच. स्टीम डेक आणि स्विच आपल्याकडे अधिकृतपणे विकलेच जात नाहीत, त्यामुळे ते नातेवाइकांच्या बॅगेतून किंवा आयात करणाऱ्या दुकानदारांकडून येतात. अ‍ॅलाय २०२३ च्या जुलैमध्ये भारतात अधिकृतपणे आला तेव्हा त्याची किंमत होती ६९,९९० रुपये. आपल्यातल्या बहुतेकांसाठी हा आकडा म्हणजे फीपेक्षा मोठा. म्हणून बरेच जण काही हजारांत मिळणाऱ्या छोट्या रेट्रो हँडहेल्डवर खूश असतात, नाहीतर मोबाइललाच कंट्रोलर लावतात. यातलं काहीही असो, पुढचं सगळं थोड्याफार फरकाने तुम्हालाही लागू आहे.

कॅसेटचा काळ

आपल्या आधीच्या पिढीला हा प्रश्न पडलाच नाही. १९८९ साली आलेल्या गेमबॉयमध्ये एका वेळी एकच कार्ट्रिज बसायचं. आपल्याकडे टीव्हीला जोडायच्या व्हिडिओ गेमच्या कार्ट्रिजला सरसकट ‘कॅसेट’ म्हणायचे. घरात दोन-तीन कॅसेट, बाकीच्या गल्लीतल्या पोरांशी अदलाबदल करून. कॉन्ट्रा कुणाकडे आहे आणि मारिओ कुणाकडे, हे सगळ्या गल्लीला पाठ. लायब्ररी होतीच, फक्त ती एका घरात नव्हती, अख्ख्या गल्लीत पसरलेली होती.

मग जत्रेत, एसटी स्टँडवर मिळणारा तो छोटा ब्रिक गेम आला. खोक्यावर छापलेलं असायचं ‘९९९९ इन १’. आत खरे गेम मूठभर. त्याच ठोकळ्यांचा वेग बदलायचा, लेव्हल बदलायची आणि प्रत्येक बदल वेगळा गेम म्हणून मोजायचा. तेव्हा पोरं फसायची, पण दोन दिवसांत काय ते कळायचं.

आज आकडा खरा असतो, फसवणूक आपण आपली करतो. सेलमध्ये घेतलेले, फुकट मिळाले म्हणून उचललेले, मित्राने सांगितले म्हणून विशलिस्टमधून विकत घेतलेले. यादी अडीचशेवर जाते आणि त्यातले उघडलेले निघतात चाळीस. संध्याकाळी मिळालेल्या पाऊण तासातली वीस मिनिटं नुसतं स्क्रोल करण्यात जातात. शेवटी आपण तोच जुना गेम लावतो. ओळखीचं वाटतंय ना?

ग्रंथपाल काय म्हणतात?

हा प्रश्न गेमिंगवाल्यांच्या कितीतरी आधी वाचनालयांना पडलेला आहे. आपल्या नगरचं जिल्हा वाचनालय १८३८ सालचं. इतकी वर्षं पुस्तकं येत राहतात, कपाटं तेवढीच राहतात, तरी मागितलेलं पुस्तक काउंटरवर येतं. हे काही जादूने होत नाही.

कॉलेजच्या लायब्ररीत १२ ऑगस्टला एका माणसाच्या फोटोला हार घातलेला तुम्ही पाहिला असेल. ते डॉ. एस. आर. रंगनाथन. मूळचे गणिताचे प्राध्यापक, १९२४ साली मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले. त्यांनी १९३१ साली ग्रंथालयशास्त्राचे पाच नियम मांडले. ‘पुस्तक’ काढून ‘गेम’ घाला, नियम जसेच्या तसे चालतात. गेम वापरण्यासाठी आहेत, मिरवण्यासाठी नाहीत. प्रत्येक खेळणाऱ्याला त्याचा गेम मिळायला हवा. प्रत्येक गेमला त्याचा खेळणारा मिळायला हवा. खेळणाऱ्याचा वेळ वाचला पाहिजे. आणि पाचवा, लायब्ररी वाढत राहते, तेव्हा व्यवस्था अशी लावा की उद्याच्या भरतीलाही पुरेल.

चौथा नियम परत वाचा. आपली वीस मिनिटं तिथेच अडकली आहेत.

कपाट एक, कार्डं अनेक

जुन्या लायब्ररीत लाकडी खणांचं ते कपाट असतं, ज्यात छोटी कार्डं असतात. पुस्तक एकच, ते ठेवायची जागाही एकच. पण त्याची कार्डं तीन. एक लेखकाच्या नावाने, एक पुस्तकाच्या नावाने, एक विषयाने. तुम्ही कुठूनही शोधलं तरी त्याच पुस्तकापाशी पोहोचता.

हँडहेल्डवर नेमका हाच फरक लक्षात घ्यायचा. फोल्डर म्हणजे कपाट, तिथे एक फाइल एकाच जागी असते. कलेक्शन किंवा ग्रुप म्हणजे कार्डं, तिथे एक गेम पाच ठिकाणी दिसला तरी जागा एकदाच खातो. स्टीम डेकवर कलेक्शन करता येतात. त्यातलं ‘डायनॅमिक’ कलेक्शन तर तुम्ही दिलेल्या निकषानुसार स्वतःच भरत जातं. स्विचवर २०२२ च्या मार्चमधल्या अपडेटनंतर ग्रुप करता येतात. फक्त गेम तेरा किंवा जास्त असतील तरच तो पर्याय दिसतो. त्यामुळे कमी गेमवाल्यांनो, तुमच्या मशीनमध्ये बिघाड नाही.

आता कार्डावर लिहायचं काय? बहुतेक जण ‘अ‍ॅक्शन’, ‘रेसिंग’, ‘पझल’ असे कप्पे करतात. दुकानासाठी ते ठीक आहे. पण कॉलेजवरून दमून आल्यावर ‘आज मला अ‍ॅक्शन प्रकारातलं काहीतरी हवंय’ असा विचार कोण करतं? आपल्या डोक्यात असतं, वेळ किती आहे, नेट आहे का, सोबत कुणी आहे का. मग कप्पेही तसेच करा.

‘दहा मिनिटं’: दोन लेक्चरच्या मधल्या वेळेत सुरू करून मधेच बंद करता येतील असे.

‘एसटी’: नेटशिवाय चालणारे आणि बॅटरी कमी खाणारे. नगर–पुणे साधारण १२० किलोमीटर, तीन तास धरून चाला, वाघोलीच्या ट्रॅफिकचा भरवसा नाही. मोठा थ्रीडी गेम लावला तर स्टीम डेकसारख्या मशीनची बॅटरी दोन तासांतही बसते. साधा टूडी गेम त्याच चार्जिंगवर पुण्यापर्यंत जाऊन उरतो.

‘लाईट गेली’: एसटीचाच भाऊ, पण इथे वायफायही गेलेलं असतं हे लक्षात ठेवून.

‘दोघांत’: धाकटी बहीण किंवा रूममेट शेजारी बसली की काढायचे.

‘सुट्टीत’: चाळीस-पन्नास तास मागणारे मोठे गेम. सेमिस्टर चालू असताना हा कप्पा उघडायचाच नाही.

एसटीवाल्या कप्प्याबद्दल एक सूचना. गेम मशीनमध्ये आहे म्हणजे तो नेटशिवाय चालेलच असं नाही. काही गेम सुरू होतानाच सर्व्हरला विचारतात. म्हणून निघायच्या आदल्या दिवशी घरच्या वायफायवर गेम एकदा उघडा, अपडेट पूर्ण होऊ द्या, मग ऑफलाइन मोड लावून परत उघडून बघा. अकोल्याकडे, भंडारदऱ्याच्या बाजूला फिरायला गेलात आणि रेंज गेली, की मग काही करता येत नाही.

दाखल क्रमांक द्या

लायब्ररीत पुस्तक आलं की आधी नोंदवहीत त्याला दाखल क्रमांक मिळतो, मग ते कपाटात जातं. गेमचंही असंच करा. एक वही किंवा मोबाइलमधली साधी शीट पुरे. गेमचं नाव, कुठल्या स्टोअरवर घेतला, कुठल्या अकाउंटवर, किती रुपयांना, किती जीबी आणि सध्याची स्थिती. स्थितीत चारच शब्द: नवा, चालू, संपला, सोडला.

‘सोडला’ हा शब्द लिहायला लाजू नका. वाचनालयातही दरवर्षी काही पुस्तकं नोंदीतून काढतात, त्याला ‘निर्लेखन’ असा चांगला भारदस्त शब्द आहे. न आवडलेला गेम यादीत टोचत राहण्यापेक्षा सोडून दिलेला बरा. घाई मात्र योग्य वेळी करा. स्टीमवर खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर पैसे परत मागता येतात. म्हणजे सेलमध्ये घेतलेला गेम ‘नंतर बघू’ म्हणून महिनाभर तसाच ठेवला, तर तो न आवडण्याचा हक्कच आपण गमावतो. गेम एकेक घ्या आणि घेतला की पहिला तास लगेच खेळा.

‘किती रुपयांना’ हा रकाना कशाला, असं वाटेल. सहा महिन्यांनी ‘नवा’ स्थितीतल्या गेमची फक्त बेरीज करा. मेसच्या किती महिन्यांचं बिल नुसतं पडून आहे ते कळेल. पुढच्या सेलला हात आपोआप आखडता येतो.

उडवायचं की बाजूला ठेवायचं?

आता जागेचा प्रश्न. आधी एक गैरसमज दूर करू. ६४ जीबीचं कार्ड घातलं आणि मशीनने ५९.६ दाखवले, तर दुकानदाराने फसवलं असं नाही. कंपनी हजाराच्या पटीत मोजते, कंप्युटर १०२४ च्या पटीत. फरक तेवढाच.

खरी फसवणूक वेगळी असते. बनावट कार्ड स्वतःला ५१२ जीबीचं म्हणवतं, आत असतं खूप कमी. सुरुवातीला सगळं नीट चालतं. खरी जागा संपली की नवी फाइल जुन्या फाइलवर लिहिली जाते आणि गेम एकेक करून मरायला लागतात. म्हणून नवं कार्ड घेतलं की त्यात काही भरायच्या आधी ते तपासा. विंडोजवर ‘एच२टेस्टडब्ल्यू’ आणि लिनक्सवर ‘एफ३’ ही फुकट साधनं आहेत. ती कार्ड पूर्ण भरून परत वाचून बघतात. मोठ्या कार्डाला काही तास लागतात, रात्री लावून झोपा.

कार्ड आणि आतली जागा यांचं वाटप सोपं आहे. आतली मेमरी वेगवान असते, तिथे मोठे आणि सध्या ‘चालू’ असलेले गेम. कार्डावर छोटे, जुने, टूडी. प्रत्येक गेमची भूकही वेगळी. ‘रेड डेड रिडेम्प्शन २’ पीसीवर १५० जीबी जागा मागतो. ‘स्टार्ड्यू व्हॅली’, जो एरिक बॅरोन या एकट्या माणसाने बनवून २०१६ मध्ये आणला, एका जीबीतही आरामात बसतो आणि शंभर तास पुरतो. जीबीमागे मजा मोजली तर छोटे गेम कुठल्या कुठे जातात.

जागा करायची वेळ आलीच तर दोन शब्दांतला फरक पाहा. स्विचवर ‘अर्काइव्ह’ केलं तर गेमचा डेटा जातो, पण चित्र आणि तुमचं सेव्ह राहतं. सेव्ह असतंही मशीनच्या आतल्या मेमरीत, कार्डावर नाही. ‘सेव्ह डेटा डिलीट’ हा पर्याय वेगळा आहे, त्याच्या वाटेला जाऊ नका. स्टीमवर गेम काढण्याआधी त्याला क्लाउड सेव्ह आहे का ते बघा, सगळ्यांना नसतं. आणि मशीन बदलताना आधीच्या मशीनवर गेम नीट बंद करा, सेव्ह वर चढू द्या, मग दुसरं उघडा.

रेट्रो हँडहेल्डवाल्यांसाठी दोन शब्द वेगळे. कुठेही मध्येच मारता येतं ते ‘सेव्ह स्टेट’ सोयीचं असलं, तरी सॉफ्टवेअर बदललं की ते उघडेलच असं नाही. गेमच्या आतलं सेव्ह जास्त भरवशाचं. ते महिन्यातून एकदा लॅपटॉपवर कॉपी करा, काही एमबींचं काम आहे. आणि नावं देताना १, २, १० असं न लिहिता ०१, ०२, १० लिहा. साधी मशीन अक्षरांप्रमाणे लावतात, तिथे दहावा भाग दुसऱ्याच्या आधी येऊन बसतो.

या मशीनबरोबर हजारो गेम भरलेलं कार्ड येतं, त्याबद्दलही स्पष्ट बोलू. त्यातले बहुतेक गेम मालकाच्या परवानगीशिवाय भरलेले असतात. आपल्याकडे १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे आणि तो गेमलाही लागू होतो. ‘कार्डातच होतं’ हे उत्तर होत नाही. ‘केव्ह स्टोरी’सारखे गेम त्यांच्या निर्मात्यांनीच फुकट वाटले आहेत, छोटे डेव्हलपर आजही जुन्या मशीनसाठी नवे गेम बनवतात. तीस गेमची स्वच्छ लायब्ररी करून बघा, त्या दहा हजारांपेक्षा जास्त खेळून होते.

लायब्ररी नक्की कुणाची?

इथवर सगळं आवरण्याबद्दल झालं. आता जरा टोचणारी गोष्ट. आपण ज्याला ‘माझी लायब्ररी’ म्हणतो ती आपली असते का?

आपल्या पिढीने याचं उत्तर खूप लवकर पाहिलंय. २ सप्टेंबर २०२० ला पबजी मोबाइलवर बंदी आली. २०२२ च्या फेब्रुवारीत फ्री फायर गेला. बीजीएमआय २०२१ मध्ये आला, जुलै २०२२ मध्ये स्टोअरवरून गायब झाला, पुढच्या वर्षी मेमध्ये परत आला. निर्णय चूक की बरोबर, हा वेगळा विषय. पण पॉकेटमनीतून घेतलेले स्किन, मित्रांबरोबर चढवलेले रँक हे सगळं आपल्या हातात नव्हतं, एवढं तेव्हा प्रत्येकाला कळलं.

हे फक्त आपल्याकडेच घडत नाही. निन्टेन्डोने २७ मार्च २०२३ ला थ्रीडीएस या हँडहेल्डच्या ऑनलाइन दुकानात नवी खरेदी बंद केली. युबीसॉफ्टने ३१ मार्च २०२४ ला ‘द क्रू’चे सर्व्हर बंद केले आणि पैसे देऊन घेतलेला गेम कुणालाच उघडता येईना. कॅलिफोर्नियाने तर कायदाच केला. १ जानेवारी २०२५ पासून तिथे डिजिटल वस्तू विकताना ग्राहकाला परवाना मिळतोय, मालकी नाही, हे स्पष्ट सांगावं लागतं. स्टीमने त्याच्या काही महिने आधीच पैसे भरण्याच्या पानावर तशी ओळ टाकली. पुढच्या वेळी वाचा, आहे तिथे.

अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने २०२३ मध्ये एक अभ्यास मांडला. २०१० च्या आधी तिथे आलेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात रीतसर मिळतच नाहीत. पुस्तक छापणं बंद झालं तरी एखाद्या वाचनालयाच्या कपाटात एक प्रत राहते. गेमच्या बाबतीत ते कपाट अजून नीट बांधलेलंच नाही.

म्हणून नोंदवहीत आणखी एक रकाना वाढवा: ‘माझ्या हातात आहे का?’ जीओजीसारख्या स्टोअरवर घेतलेल्या गेमची ऑफलाइन इन्स्टॉल फाइल मिळते, ती हार्ड डिस्कवर ठेवता येते. स्विचचं कार्ड हातात असतं, मित्राला देता येतं, विकताही येतं. तोंडात मात्र घालू नका, लहान मुलांनी गिळू नये म्हणून त्याला मुद्दाम कडू लेप दिलेला असतो! बाकीचे गेम सर्व्हरच्या मर्जीवर. ते घेऊ नका असं नाही. पण किती पैसे टाकायचे, हे ठरवताना तो रकाना समोर असू द्या.

एक कप्पा आपल्याकडचा

शेवटी एक कप्पा सुचवते. ‘राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक’ हा गेम पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने बनवला. पळवून नेलेल्या भावाला शोधणारी एक मुलगी, आजूबाजूला आपल्या पुराणांतलं जग. हा गेम सगळ्यात आधी १८ ऑगस्ट २०२० ला आला तो स्विचवर, म्हणजे आपल्या देशात अधिकृतपणे न मिळणाऱ्या मशीनवर. पीसीवर त्यानंतर काही आठवड्यांनी. नगरपासून तीन तासांवर बनलेला गेम नगरच्या पोरांच्या आधी जगाने खेळला.

रंगनाथनांचा तिसरा नियम इथे लावा, प्रत्येक गेमला त्याचा खेळणारा मिळायला हवा. आपल्याकडे बनलेल्या गेमसाठी एक कप्पा ठेवला, तर सेलमध्ये नजर तिकडे जाईल. कदाचित तुमच्यातलंच कुणी उद्या अ‍ॅनिमेशन, कोडिंग किंवा मराठी संवाद लिहायच्या कामाला लागेल, तेव्हा हा कप्पा अभ्यासाचाही होईल.

आज रात्री, फक्त एक तास

पहिली पंधरा मिनिटं: सगळ्या गेमची यादी उतरवा. डिलीट काहीच करायचं नाही.

पुढची पंधरा: प्रत्येकापुढे नवा, चालू, संपला, सोडला यापैकी एक शब्द. विचार करत बसू नका, पहिला सुचेल तो लिहा.

पुढची वीस: पाच कप्पे करा. ‘चालू’मध्ये तीनच गेम. एक मोठा, एक छोटा, एक दोघांत खेळायचा. चौथा हवा असेल तर आधी तिघांतला एक ‘संपला’ किंवा ‘सोडला’मध्ये टाका. लायब्ररीच्या कार्डावर आधीचं पुस्तक परत केल्याशिवाय पुढचं मिळत नाही, तसंच.

शेवटची दहा: सेव्हचा बॅकअप घ्या आणि ‘संपला’ लिहिलेला सगळ्यात जड गेम काढून टाका. उतरवायला चाळीस दिवस लागले असतील, पण आता तो खेळून झालाय. त्याच्या जागी ‘नवा’ लिहिलेला एक गेम निवडा आणि वायफायवाल्या मित्राकडे आजच मुक्काम ठोका.